मिसेस डिसा आणि आमच्या सासूबाई

1987 सालच्या उन्हाळ्यात डोळखांबला रविवारी सकाळी साडेनऊ वाजले की रस्ता ओस पडत असे. एस.टी. येई आणि रिकामी परत जाई. भातगिरणीचा पट्टा थांबे. गावात तेव्हा दूरदर्शन संच असतील फार तर चार-पाच, आणि त्यांतला सर्वांत मोठा गिरणीवाल्यांच्या ओटीवर, उंच बांबूला बांधलेल्या अँटेनाच्या भरवशावर चालणारा. त्या ओटीवर, अंगणात, अंगणातल्या पेंढ्याच्या गंजीवर, मिळेल तिथे माणसे बसत आणि रामानंद सागरांचे ‘रामायण’ पाहत. डोळखांबहून डेहण्याच्या दिशेला पाहिले की आजोबा पर्वताचा काळा कडा दिसतो. वाल्मीकींचा आश्रम त्या डोंगरावर होता, सीतामाईने लव-कुशांना तिथेच जन्म दिला, आणि ती मुले ऋषींना ‘आजोबा’ म्हणत म्हणून डोंगराला हे नाव पडले, अशी या मुलखातली श्रद्धा. त्यामुळे इतर गावांनी ‘रामायण’ पाहिले ते दूर अयोध्येची कथा म्हणून. आमच्या ठाकूर, महादेव कोळी आणि कातकरी मंडळींनी ते शेजारच्या घरी घडलेली गोष्ट म्हणून पाहिले.

आम्ही त्या गावी नोकरीनिमित्त राहत होतो. मी आश्रमशाळेत शिक्षिका, आमचे हे आरोग्य खात्यात. ख्रिस्ती घर आमचे एकच. मिस्सेसाठी कल्याण गाठायचे तर पहाटेची एस.टी. पकडून शहापूर, तिथून आसनगाव आणि पुढे लोकल, असा सारा व्याप. तो दर रविवारी जमत नसे. जमत नसे तेव्हा आम्ही घरीच त्या दिवसाचे शुभवर्तमान वाचून प्रार्थना करीत असू. त्या उन्हाळ्यात सासूबाई वसईहून आमच्याकडे राहायला आल्या आणि या सवलतीवर त्यांनी पहिल्याच आठवड्यात नापसंतीची मोहर उठवली. “देवाचा दिवस, आणि गाव पेटीपुढे बसलंय,” असे म्हणून त्या जपमाळ घेऊन मागच्या पडवीत जात. तिसऱ्या रविवारी मात्र त्या स्वतःहून माझ्याबरोबर गिरणीवाल्यांच्या ओटीवर आल्या. कारण विचारले तेव्हा म्हणाल्या, “मंथरेचं काम ती ललिता पवार करते म्हणे. तिला बघायचं आहे.”

हे ऐकून मी चपापले. त्याला कारण होते, आणि ते सांगितल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. माझे लग्न झाले तेव्हापासून, म्हणजे तोवर आठ वर्षे, मी आणि माझी धाकटी नणंद आपापसांत सासूबाईंचा उल्लेख ‘ललिता पवार’ असाच करीत असू. पत्रांतसुद्धा. ‘ललिताबाईंची तब्येत कशी आहे?’ ‘ललिताबाईंनी या नाताळात कोणाचा उद्धार केला?’ आमचाच काय, महाराष्ट्रातल्या लक्षावधी सुनांचा हा खासगी शब्दकोश होता. सासू कडक, तोंडाळ, संशयी आणि हिशेबी असली की तिचे नाव ललिता पवार. ही बाई पडद्यावर इतकी वर्षे सुनांना छळत आली होती की खऱ्या सुनांना आपली तक्रार मांडायला दुसरा शब्दच लागत नसे.

त्या रविवारी मंथरा पडद्यावर आली. पाठीचा बाक, हातातली काठी आणि तो एक डोळा बारीक करून पाहणे. अंगण निःशब्द झाले. तेवढ्यात माझ्याच वर्गातला, तिसरीतला एक चुणचुणीत मुलगा मोठ्याने म्हणाला, “बाई, तुमची आजी!” सासूबाईही कंबरेत वाकून चालत. सारे अंगण हसले. मीही हसले. आणि हसता हसता मी वळून पाहिले, तर सासूबाई पडद्याकडे पाहत नव्हत्या, माझ्याकडे पाहत होत्या.

घरी परतताना त्या काही वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, “डोळा बघितलास तिचा? ते सोंग नाही. तो तसाच आहे.”

त्यांना हे ठाऊक असेल असे मला वाटले नव्हते. मलाही तेव्हा पुरते ठाऊक नव्हते. पुढे ग्रंथालयातून, मासिकांतून मी जे वेचले ते असे. ललिता पवार मूळच्या अंबा लक्ष्मण सगुण. जन्म 18 एप्रिल 1916, नाशिक जिल्ह्यातील येवले या पैठणीच्या गावी. वडिलांचा रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार. ‘राजा हरिश्चंद्र’ या 1928 सालच्या मूकपटात त्यांनी बालकलाकार म्हणून काम केले. सिनेमा बोलू लागण्याआधीच ही मुलगी सिनेमात होती! पुढे त्या नायिका झाल्या. आजच्या प्रेक्षकाला हे सांगितले तर तो अविश्वासाने हसतो; पण त्या देखण्या, धाडसी नायिका होत्या, 1935 च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’सारख्या चित्रपटांतून त्या चमकत होत्या आणि स्वतःची गाणी स्वतः म्हणत होत्या. त्याच दशकात त्यांनी चित्रपटनिर्मितीतही भाग घेतला. ‘दुनिया क्या है’ हा त्यांचा बोलपट टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेला होता. एका स्त्रीने, त्या काळात, तो विषय निवडावा याचे मला आजही नवल वाटते. मास्टर विनायकांचा ‘अमृत’ हा 1941 चा चित्रपटही त्यांच्या याच काळातला.

मग 1942 साल आले. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचे चित्रीकरण चालू होते. प्रसंगात मास्टर भगवान यांनी नायिकेला थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याला अर्धांगवायूचा झटका आला. दीर्घकाळ उपचार झाले, चेहरा बराचसा पूर्ववत झाला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक राहिला. वय सव्वीस. नायिका म्हणून असलेली कारकीर्द तिथे संपली.

या घटनेत कोणाचा हेतू वाईट नव्हता. एक हात नेमका तोलला गेला नाही, एवढेच. मला या कहाणीत खरा रस वाटतो तो यापुढच्या भागात. घरी बसण्याचा मार्ग मोकळा होता, पण त्या परत आल्या, आणि आल्या त्या तोच डोळा घेऊन. प्रभातच्या ‘रामशास्त्री’त (1944) त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ करणारी ही बाई मराठी मनाच्या द्वेषाचा विषय. ती उभी करताना तो बारीक डोळा त्यांनी लपवला नाही, कामाला लावला. तिथून पुढे ‘दहेज’मधली (1950) सासू, ‘मिस्टर अँड मिसेस 55’मधली (1955) पुरुषद्वेष्टी आत्या, ‘जंगली’मधली (1961) घरात हसण्यावर बंदी घालणारी आई, ‘प्रोफेसर’मधली (1962) करडी पालक अशी रांग लागली. ‘प्रोफेसर’मध्ये तर त्या करडेपणाच्या आतून एका एकाकी बाईचे लाजणे त्यांनी असे काही हळूच बाहेर काढले आहे की शम्मी कपूरच्या सर्व उड्या विसराव्यात. संगीत नाटक अकादमीने 1961 मध्ये त्यांना पुरस्कार दिला. चित्रपटांची संख्या सातशेच्या घरात सांगतात. मी मोजलेली नाही आणि मोजण्यात मला स्वारस्यही नाही. सत्तर वर्षे एकच माणूस रोज सकाळी चेहऱ्याला रंग लावून दुसऱ्याच्या कथेत दुय्यम जागी उभा राहतो, ही गोष्ट मला संख्येपेक्षा मोठी वाटते.

चरित्र अभिनेता हा शब्द आपण सहज वापरतो. कथेत नायक-नायिका बाग फिरतात, गाणी गातात. त्या कथेला घर, घरमालकीण, कर्ज, भाडे आणि स्वयंपाकघर देण्याचे काम या मंडळींचे असते. हे सर्वच देशांत आहे. रोसेलिनीचा ‘रोम, ओपन सिटी’ (1945) हा चित्रपट मी पुष्कळ उशिरा पाहिला. त्यातल्या डॉन पिएत्रो या धर्मगुरूची भूमिका करणारा आल्दो फाब्रीत्सी हा रोमच्या रंगमंचावरचा विनोदी नट, स्थूल आणि घरगुती चेहऱ्याचा. गोळीबाराच्या पथकापुढे बसवलेला तो फादर पाहताना तो आपल्या शेजारच्या धर्मग्रामातला वाटतो, याचे कारण तो नायकासारखा दिसत नाही. असो. मी पुन्हा डोळखांबला येते.

त्या घटनेनंतर काही आठवड्यांनी एका संध्याकाळी दूरदर्शनवर ‘अनाडी’ लागला. हृषीकेश मुखर्जींचा हा 1959 चा चित्रपट; राज कपूर आणि नूतन. सासूबाईंनी दुपारीच भाकऱ्या उरकल्या, नवे लुगडे नेसल्या आणि गिरणीवाल्यांच्या ओटीवर अगदी पुढे जाऊन बसल्या. ज्यांनी हा चित्रपट पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगते. बेकार, प्रामाणिक राजला खोली देणारी घरमालकीण म्हणजे मिसेस डिसा. तोंडाने सतत कडाडणारी, भाड्याची आठवण करून देणारी, आणि त्याला उपाशी झोपू न देणारी एकटी ख्रिस्ती बाई. शेवटी तापाच्या साथीत ती घेते त्या औषधातच विष असते. धनिक रामनाथ शेठच्या कंपनीचे ते औषध. आणि तिच्या मृत्यूचा आळ येतो तो तिने मुलासारख्या मानलेल्या राजवर. या भूमिकेसाठी ललिताबाईंना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

आपल्या वाचकांना इथे एक गोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. हिंदी चित्रपटाने आपल्या समाजाचे जे चित्र रंगवले ते आपण सर्वांनी निमूटपणे सोसले आहे. दारू पिऊन बरळणारा मायकेल, तस्कराच्या टोळीतला रॉबर्ट, क्लबात नाचणारी मोना किंवा लिली. गळ्यात क्रूस आणि हातात बाटली. आपल्या वाडीत, आपल्या शेतावर राबणाऱ्या, मराठीत प्रार्थना करणाऱ्या ख्रिस्ती माणसाला त्या पडद्यावर जागाच नव्हती. अशा त्या गर्दीत मिसेस डिसा उभी राहते. तिचे हिंदी मोडके आहे, लेखकाने तिलाही थोडी गंमत म्हणून वापरले आहे, हे खरे. पण ती कोणाची टिंगल होत नाही. ती घर चालवते, प्रार्थना करते, हिशेब ठेवते आणि माया करते. येवल्याच्या एका हिंदू घरातल्या बाईने आपल्या आया-आज्या इतक्या बारकाईने कुठे पाहिल्या असतील? हृषीकेश मुखर्जींना ती इतकी भावली असावी की 1971 च्या ‘आनंद’मध्ये इस्पितळाची मेट्रन म्हणून त्यांनी पुन्हा ललिताबाईंनाच घेतले, आणि त्या मेट्रनचे नावही डिसाच ठेवले. तीही तशीच, शिस्तीची आणि आतून विरघळलेली.

त्या संध्याकाळी मिसेस डिसा मेली तेव्हा ओटीवरच्या बायकांनी पदर डोळ्यांना लावले. सासूबाईंनी क्रुसाची खूण केली आणि चित्रपट संपायची वाट न पाहता उठून घरी आल्या. मी मागोमाग आले तर त्या अंधारात पायरीवर बसल्या होत्या.

“हा मी पूर्वी बघितलाय,” त्या म्हणाल्या. “दादरला. तुझ्या सासऱ्यांबरोबर. तेवढा एकच सिनेमा त्यांनी मला दाखवला.”

मग त्यांनी जे सांगितले ते आठ वर्षांत मी कधी विचारले नव्हते. सासरे परळच्या गिरणीत होते. सासूबाई पहाटेच्या गाडीने वसई रोडहून केळ्यांची आणि भाजीची पाटी घेऊन दादरला उतरत आणि दुपारी माल संपवून परतत. एका शनिवारी माल लवकर संपला. सासरे पाळी आटोपून स्थानकावर आले आणि म्हणाले, चल. पाटी डोक्यावरून उतरवून ती थिएटरच्या दारवानाजवळ ठेवायला दोन आणे द्यावे लागले, याबद्दल त्या आत बसूनही कुरकुरत होत्या. पडद्यावर मिसेस डिसा भाड्यावरून कडाडली तेव्हा सासरे त्यांच्या कानाशी वाकून म्हणाले, “बघ, तुझीच बहीण.” तेव्हापासून घरात त्यांचे नाव मिसेस डिसा पडले. जेवायला उशीर झाला की ‘मिसेस डिसा, भाडं देतो, पण वाढा.’ पुढच्या दोन वर्षांत सासरे विषमज्वराने गेले. पदरात तीन मुले. पाटी मात्र चुकली नाही. आणखी बावीस वर्षे ती दादरच्या गाडीत चढत राहिली.

“त्या दोन आण्यांवरून मी भांडले नसते तर बरं झालं असतं,” एवढेच त्या शेवटी म्हणाल्या.

मी बाजूला बसून राहिले. बोलण्यासारखे माझ्याजवळ बरेच होते आणि बोलायचे धैर्य नव्हते. आमच्या पत्रांतल्या ‘ललिताबाई’, गिरणीवाल्यांच्या अंगणातले माझे हसू, हे सारे माझ्या घशाशी आले आणि तिथेच राहिले. पुढच्या वेळी कल्याणला गेले तेव्हा पापनिवेदनात मी ते सांगितले. फादरांनी शांतपणे ऐकून विचारले, “हे तुम्ही त्यांना सांगितलं आहे का?” मी नाही म्हटले. ते म्हणाले, सांगा. मी ते टाळले. एकदा नव्हे, अनेक वर्षे टाळले.

त्या उन्हाळ्यानंतर सासूबाई डोळखांबला दर वर्षी येऊ लागल्या. ललिता पवारांचा चित्रपट लागणार असेल तर मीच त्यांना आठवण करून देत असे. ‘श्री 420’ (1955) त्यांनी आमच्याच घरच्या संचावर पाहिला, आम्ही तोवर एक लहानसा घेतला होता. त्यात ललिताबाई पदपथावर केळी विकणारी गंगामाई आहे. राज कपूर मुंबईत नवखा येतो आणि केळ्यांच्या भावावरून तिच्याशी हुज्जत घालतो. सासूबाईंनी तो प्रसंग एखाद्या परीक्षकाच्या बारकाईने पाहिला. “आवाज बरोबर आहे,” त्यांनी निकाल दिला. “पण गिऱ्हाइकाकडे बघत भाव करायचा नसतो. नजर पाटीवर पाहिजे. बोलतो एक आणि घड उचलतो दुसरा.” आणि क्षणभर थांबून, “तिला कोण शिकवणार म्हणा. तिची पाटी काय, खरी थोडीच होती.” तरीही तो चित्रपट पुन्हा लागला तेव्हा त्यांनी तो पुन्हा पाहिला. त्यातले पदपथावरचे लोक घराच्या आशेने पै-पै जमवलेला पैसा त्या लबाड योजनेत घेऊन येतात, तिथे त्या पुटपुटल्या, “देऊ नको गं.”

फेब्रुवारी 1998. आम्ही तेव्हा बदली होऊन वसईला परतलो होतो. सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या. डोळ्यांना फारसे दिसत नव्हते, कान मात्र तिखट होते. 25 तारखेला राखेचा बुधवार झाला. फादर घरी येऊन त्यांच्या कपाळावर राख लावून गेले. त्यानंतर दोन-तीन दिवसांत वर्तमानपत्रात बातमी आली. 24 फेब्रुवारी रोजी पुण्यात, औंधच्या घरी, ललिता पवारांचे निधन झाले होते. वय एक्याऐंशी. मी ती बातमी त्यांना वाचून दाखवली. बातमीत मंथरा होती, खाष्ट सासू होती, छळवादी सासूंची मोठी यादी होती. मिसेस डिसाचा उल्लेख अगदी शेवटी, एका ओळीत.

“मेणबत्ती लाव,” सासूबाई म्हणाल्या. मी लावली. त्यांनी मृतांसाठीची प्रार्थना म्हटली, संपूर्ण, न चुकता. ललिताबाई आपल्या धर्माच्या नव्हत्या ही गोष्ट त्या क्षणी त्यांच्या किंवा माझ्या मनाला शिवली नाही. प्रार्थना संपल्यावर खोलीत बराच वेळ शांतता होती. मेणबत्तीचा उजेड त्यांच्या कपाळावर पडला होता. मला वाटले, आता सांगितले नाही तर कधीच सांगता येणार नाही.

“आई,” मी म्हटले, “आम्ही तुम्हाला मागे ललिता पवार म्हणायचो. मी आणि ताई. पत्रांतसुद्धा लिहायचो.”

“ठाऊक आहे,” त्या म्हणाल्या. “पत्र उशीखाली ठेवायची सवय आहे तुझ्या नणंदेला.”

मी काहीतरी सारवासारव करू लागले. मिसेस डिसाचे नाव घेऊ लागले. त्यांनी हाताने मला थांबवले.

“उगाच बाता नको मारू. तुम्ही मिसेस डिसा म्हणत नव्हता. मंथरा म्हणत होता.” मग कूस बदलून त्या म्हणाल्या, “चहा टाक. साखर कमी. आणि ती मेणबत्ती लगेच विझवू नको, अजून अर्धी आहे.”